मुंगीनं खेळ हळू केला

तिचं खरं नाव संघाच्या कागदांवर होतं, पण हाक मारायचे सगळे मुंगी म्हणूनच. उंची पाच फूट तीन इंच. एवढ्याशा उंचीच्या बाईनं बास्केटबॉल खेळून पोट भरावं, हे ऐकणाऱ्याला थट्टाच वाटायची. तिची आई तर म्हणायची, "हत्ती होऊन लाकडं फोडण्यापेक्षा मुंगी होऊन साखर खावी, हे मला मान्य आहे. पण आमच्या हिनं मुंगी होऊन हत्तींच्या पायांत पळायचं ठरवलंय."

आई रुग्णालयाच्या शिवणखोलीत कामाला होती. चादरी, पडदे, डॉक्टरांचे डगले, दिवसभर तेच. वडील पाण्याचा टँकर चालवायचे. शाळा सुटली की मुंगी टँकरच्या पुढच्या सीटवर जाऊन बसायची, कारण घरी कुणी नसायचं. वडील मोजकं बोलणारे. शिकवलं त्यांनी एकच, तेही आरशांकडे बोट दाखवून. मान वळवायची नाही, समोर बघत राहायचं आणि मागचा कुठे आहे, बाजूचा कुठे आहे हे डोक्यात ठेवायचं. आपण कुठे बघतोय हे दुसऱ्याला कळलं, की तो घुसलाच म्हणून समज, असं ते म्हणायचे. पोरीनं ते असं काही अंगी बाणवलं, की पुढे शाळेत खेळाच्या बाई चक्रावून गेल्या. ही पोरगी बघते एकीकडे आणि चेंडू जातो दुसरीकडे, आणि जातो तो नेमका जिच्या हातात जायला हवा तिच्याच.

बाईंनीच तिला पॉइंट गार्ड केलं. पॉइंट गार्डचं काम सांगायला सोपं आहे. चेंडू आपल्या टोकाकडून समोरच्या टोकाला न्यायचा, वाटेत कोण कुठे आहे ते हेरायचं, कुणी कुठे सरकायचं ते ठरवायचं आणि खेळाचा वेग आपल्या मुठीत ठेवायचा. तिनं पळवलं तर सगळ्यांनी पळायचं, तिनं चालवलं तर चालायचं. रिंगमध्ये चेंडू टाकणारी बहुतेक वेळा दुसरीच असते आणि टाळ्याही तिलाच मिळतात. मुंगीला त्याचं कधी वाईट वाटलं नाही. तिचा स्वतःचा नेम बेताचाच होता आणि ते तिला चांगलं ठाऊक होतं.

एकोणिसाव्या वर्षी रंगाच्या एका कारखान्याच्या संघानं तिच्याशी करार केला. कारखान्याच्या मागेच त्यांचा हॉल होता. लाकडी जमीन, पत्र्याचं छत, आणि खिडक्या उघडल्या की रंगाचा उग्र वास. पहिल्याच दिवशी कपडे बदलायच्या खोलीत तिला एक मुलगी भेटली, सहा फूट दोन इंच उंच. ती बाकावर बसून हसत होती, कारण संघाकडून मिळालेली पँट तिच्या पोटऱ्यांपर्यंतच येत होती. तिला सगळे शिडी म्हणायचे. मुंगीपेक्षा वर्षानं मोठी. मुंगीनं ती पँट घरी नेली, आईनं खाली दोन पट्ट्या जोडून दिल्या, आणि त्या दिवसापासून शिडी त्या घरची झाली. सुट्टीच्या दिवशी ती यायची, दारातून वाकून आत शिरायची आणि मुंगीच्या आईच्या मशीनशेजारी फतकल मारून बसायची. आई तिला टाचण्या वेचायला लावायची.

संघात शिडी सेंटर होती. रिंगखाली उभं राहायचं, धक्के खायचे आणि वरच्या वर चेंडू घ्यायचा. मुंगीनं चेंडू द्यायचा आणि शिडीनं तो आत टाकायचा, असं नऊ वर्षं चाललं. बाहेरगावच्या सामन्यांना दोघींना एकच खोली मिळायची. शिडीचे पाय पलंगाबाहेर यायचे, म्हणून मुंगी आपली उशी तिच्या पायांखाली द्यायची आणि स्वतः हाताची उशी करून झोपायची. मधल्या काळात शिडीचं लग्न झालं, नवरा वायरमन. एक मुलगी झाली. बाळंतपणानंतर आठ महिन्यांनी ती मैदानात परत आली, तेव्हा मुंगीला तिचा हात कुठे असेल ते शोधावं लागलं नाही. पाचव्या वर्षी त्यांनी स्पर्धा जिंकली. शेवटचा पास मुंगीनं पाठीमागून दिला होता, न बघता. त्याबद्दल तिला कुणी विचारलं तर ती म्हणायची की तिथे शिडी असणारच होती, त्यात बघायचं काय?

नवव्या वर्षी ती तिथे नसायला लागली.

म्हणजे यायची, पण अर्धं पाऊल उशिरा. चेंडू तिच्या बोटांना लागून बाहेर जायचा. प्रशिक्षक मुंगीवर वैतागायचे, तुझा पास लवकर सुटतोय म्हणायचे. मुंगीलाही आधी तसंच वाटलं. तिशी जवळ आली, हात ढिला पडला असेल. आठवडाभर ती सगळ्यांच्या आधी हॉलवर येऊन भिंतीवर चेंडू मारत राहिली. मग एका सकाळी परगावच्या हॉटेलात तिनं शिडीला जिन्याच्या तिसऱ्या पायरीवर बसलेलं पाहिलं. नाश्त्याला खाली निघाली होती आणि मधेच बसली होती. ओठ जांभळट दिसत होते. बुटाची नाडी बांधतेय, असं ती म्हणाली. पायात चपला होत्या.

त्यानंतर चार दिवसांनी सरावानंतर ती न्हाणीघरात पडली. बाकीच्या निघून गेल्या होत्या. नळ चालूच होता, म्हणून मुंगी बघायला आत गेली. शिडी भिंतीला टेकून आडवी झाली होती, डोळे अर्धवट उघडे. मिनिटभर ती कशालाच ओ देईना. शुद्धीवर आल्यावर तिनं आधी दाराकडे पाहिलं, मग मुंगीचं मनगट धरलं.

"कुणाला सांगू नकोस. माझी शपथ आहे तुला."

मुंगीनं विचारलं, हे कधीपासून? तेव्हा हळूहळू सगळं बाहेर आलं. तिसरी वेळ होती. नवऱ्याला माहीत नव्हतं. आणि शिडीचा थोरला भाऊ सत्ताविसाव्या वर्षी झोपेतच गेला होता, हे मुंगीला नऊ वर्षांत पहिल्यांदाच कळलं. त्याचं आयुष्यच तेवढं होतं म्हणून घरच्यांनी तो विषय मिटवला होता. शिडीनं मनातून ताडलं असावं, पण तिला ते ऐकायचं नव्हतं. हंगाम संपायला सात आठवडे उरले होते. तेवढे खेळू दे, मग मी स्वतः जाऊन दाखवते, असं ती म्हणाली. नंतर टॉवेलनं केस पुसता पुसता ती म्हणाली, "मला दुसरं काही येत नाही गं."

मुंगीनं तोंड बंद ठेवलं. पण पुढच्या सामन्यापासून ती एक गोष्ट करू लागली, जी पॉइंट गार्डलाच करता येते. तिनं खेळ हळू केला.

चेंडू हातात आला की ती पळायची नाही, चालत न्यायची. समोरच्या टोकाला पोचली तरी लगेच पास द्यायची नाही. घड्याळात चोवीस सेकंद असतात, त्यातले वीस ती जागच्या जागी चेंडू आपटत घालवायची, तेवढा शिडीला दम मिळावा म्हणून. पळण्याची संधी आयती समोर आली तरी सोडून द्यायची. शिडीकडे पास द्यायचा तो उभ्या उभ्या, छातीच्या उंचीला, उडी मारावी लागणार नाही असा. दोन-तीनदा तर चेंडू मुद्दाम बाहेर घालवला, कारण शिडी मैदानाच्या मध्यावर तोंड उघडं टाकून उभी होती. लोकांना कसं कळावं? ते म्हणाले, मुंगी म्हातारी झाली. वर्तमानपत्रात दोन ओळी आल्या, की संघाचं इंजिन थकलंय. प्रशिक्षक तिला बाजूला घेऊन रागावले, मग समजावून पाहिलं, मग पुन्हा रागावले. संघ पाचपैकी चार सामने हरला. मुंगीनं सगळं खाली मान घालून ऐकून घेतलं. शिडीला मात्र पहिल्याच दिवशी कळलं होतं. ती काही बोलली नाही. नाही म्हणायला एकदा बसमध्ये तिनं आपलं संत्रं सोलून अर्धं मुंगीच्या हातावर ठेवलं आणि खिडकीबाहेर बघत राहिली.

न्हाणीघरातल्या त्या प्रसंगानंतर एकोणिसाव्या दिवशी, सहाव्या सामन्यात, तिसऱ्या डावाला प्रशिक्षकांनी मुंगीला बाहेर बसवलं. तिच्या जागी राखीव गार्ड उतरली. वीस वर्षांची, हरणासारखी पळणारी. तिची काहीच चूक नव्हती. तिला पळ म्हणून सांगितलं होतं आणि ती पळाली. सगळा संघ तिच्यामागे पळू लागला, आणि शिडीही.

मुंगी बाकावर बसून मोजत होती. एक खेप, परत दुसरी. तिसरी. लोक खूश झाले होते, बऱ्याच दिवसांनी हॉलमध्ये आवाज होता. पाचव्या खेपेला शिडीनं गुडघ्यांवर हात ठेवले. सहाव्या खेपेला ती मध्यरेषेच्या पुढे गेलीच नाही. सातव्यांदा निघण्याआधी तिनं मान वर करून छताच्या दिव्यांकडे पाहिलं, बराच वेळ, दिवे ओळखीचे आहेत का ते बघावं तसं.

मुंगी उठली. प्रशिक्षकांपुढून, त्यांच्याकडे न बघता, ती गुणलेखकांच्या टेबलाच्या टोकाला गेली. तिथे संघाचे डॉक्टर बसलेले असायचे. वयस्क गृहस्थ, बहुधा मुरगळलेले पाय बघण्यातच त्यांची वर्षं गेली होती.

"सेंटरला बाहेर काढा," मुंगी म्हणाली. "ती एकोणीस दिवसांपूर्वी बेशुद्ध पडली होती. तिचा भाऊ सत्ताविसाव्या वर्षी झोपेत गेलाय."

डॉक्टरांनी पेनाला टोपण लावलं, ते खिशात ठेवलं आणि हात वर केला. भोंगा वाजला. शिडीनं वळून टेबलाकडे पाहिलं. तिथे मुंगीला उभी पाहून तिला सगळं समजलं. ती आपल्या पायांनी चालत बाहेर आली, कुणाच्या खांद्याला हात न लावता.

रुग्णालयात दोन दिवस तपासण्या झाल्या. हृदयाची भिंत जन्मापासूनच जाड होती आणि ती वाढत चालली होती. डॉक्टरांनी वायरमनला बाहेर बसवून सांगितलं, की पळता पळता हृदय कधीही थांबलं असतं, पुढच्या सामन्यात किंवा त्याच सामन्यात. गळपट्टीच्या हाडाखाली एक छोटं यंत्र बसवायचं ठरलं, हृदय अडखळलं तर धक्का देऊन ताळ्यावर आणणारं. शिडीचा खेळ तिथेच संपला.

तीन आठवड्यांनी ती आपलं कपाट रिकामं करायला हॉलवर आली. मुंगी मुद्दाम थांबली होती. शिडीनं एकेक वस्तू पिशवीत भरली. बूट भरायचे की नाही, यावर थोडी थांबली आणि भरले. मग पाठमोरीच बोलली.

"मरायचं की खेळायचं, हे माझ्या हातात होतं. ते तू दुसऱ्याच्या हातात दिलंस. तुला सवयच आहे म्हणा, हातातलं दुसऱ्याला देऊन मोकळं व्हायची."

शिडी दारातून वाकून बाहेर गेली, आणि नऊ वर्षांत एकमेकींशी एक दिवस न बोलता राहू न शकलेल्या त्या दोघी त्यानंतर आठ वर्षं बोलल्या नाहीत.

एवढ्यावर भागलं असतं तरी मुंगीनं सोसलं असतं. पण संघात कुजबुज सुरू झाली. बाहेर बसवलं म्हणून हिनं डूख धरला, दात-ओठ खात उठली आणि शिडीचं नाव सांगून मोकळी झाली. नाहीतर एकोणीस दिवस गप्प का होती? प्रश्न रास्त होता, आणि मुंगीला तो इतरांपेक्षा जास्त छळायचा. तिनं स्वतःला कितीदा विचारलं. प्रशिक्षकांनी बाहेर काढलं नसतं, तर मी त्या दिवशी बोलले असते का? की खेळ हळू करत राहिले असते, आपल्या मुठीत सगळं आहे अशा तोऱ्यात? मैदानात असेपर्यंत वाटायचं, मी आहे ना, मी सांभाळते. बाकावर आल्यावरच भीती वाटली. भीती शिडीची होती, की आपल्याशिवाय खेळ चालतोय याची, हे तिला छातीला हात लावून सांगता येईना.

एकदा तिनं हे आईला बोलून दाखवलं. आई काज करत होती. दोरा तोडून म्हणाली, "कशासाठी केलंस ते तुला कळेल तेव्हा कळेल. तोवर ती जिवंत असली म्हणजे झालं."

कारखान्यानं मुंगीचा करार वाढवला नाही. कारण सरळ होतं. चेंडू घेणारी गेली, तर देणारीची किंमत ती काय? पुढे ती दोन लहान संघांकडून खेळली. तिथल्या सेंटर पोरी मेहनती होत्या, पण प्रत्येकीचा हात कुठे असतो हे पहिल्यापासून शिकावं लागलं. एकीला डाव्या बाजूला चेंडू दिला की गडबडायची, दुसरी पास येण्याआधीच डोळे मिटायची. मुंगीनं त्यांना शिकवलं, त्यांच्याकडून शिकली, आणि खोटं कशाला बोला, शेवटच्या दोन हंगामांत ती त्या नऊ वर्षांतल्यापेक्षा चांगली पॉइंट गार्ड होती. ते बघायला फारसं कुणी नव्हतं. पस्तिसाव्या वर्षी उजवा गुडघा गेला. शेवटच्या सामन्याला हॉल अर्धा रिकामा होता आणि हा तिचा शेवटचा सामना आहे हे तिनं कुणाला सांगितलंच नाही. घरी येऊन बूट धुतले, गच्चीवर वाळत घातले आणि दुसऱ्या दिवशी नोकरी शोधायला निघाली.

नगरपालिकेच्या क्रीडा हॉलवर देखरेखीचं काम मिळालं. किल्ल्या, दिवे, जमिनीला पॉलिश, आणि सकाळी दोन तास मुलींना शिकवणं. तिथे एकदा छताचे दिवे बदलायला जो वायरमन आला तो शिडीचा नवरा निघाला. दोघंही अवघडले. त्यानं काम संपवलं, हात पुसले आणि मग जिन्यावर बसून सांगितलं, की शिडी रोपवाटिकेत कामाला लागली आहे, मुलगी बारा वर्षांची झाली. ते यंत्र दोनदा चाललं. एकदा बाजारात आणि एकदा घरी, मुलीची वेणी घालता घालता. घोड्यानं छातीवर लाथ मारावी तसं होतं म्हणे. दोन्ही वेळा ती खाली बसली आणि पुन्हा उठली.

मुंगीनं विचारलं, माझं नाव काढते का?

"काढत नाही," तो म्हणाला. मग जरा विचार करून, "टीव्हीवर सामना लागला की मात्र सगळ्या गार्डांना शिव्या घालते. हा पास असा देतात का, म्हणते."

वडील आधीच गेले होते; त्यानंतरच्या हिवाळ्यात मुंगीची आईही गेली. आजार चार दिवसांचा. लोक येऊन गेले. शिवणखोलीतल्या बायका आल्या, शेजारी आले. पाचव्या दिवशी दुपारी दारावर थाप पडली, आणि दार उघडलं तर चौकटीत मान वाकवून शिडी उभी. केस पांढरे व्हायला लागले होते. चपला काढून ती आत आली आणि सरळ मशीनशेजारी जमिनीवर बसली. मुंगी तिच्या समोर बसली. पाणी दिलं, ते तिनं घेतलं.

"माझा राग गेलेला नाही," शिडी म्हणाली.

"माहीत आहे."

"तुझी आई चांगली होती. दर वर्षी रोपवाटिकेत यायची. तुझ्याबद्दल कधी एक शब्द बोलली नाही. एखादं रोप घ्यायची, मी बरी आहे का ते विचारायची आणि जायची."

मुंगीला हे माहीत नव्हतं. गॅलरीत सात कुंड्या होत्या. आईला उतारवयात झाडांचा नाद लागला, एवढंच ती समजत होती. तिला रडू आलं, पाच दिवसांत पहिल्यांदाच, आणि शिडीनं ते थांबवायचा प्रयत्न केला नाही.

पुढे कामाचं बोलणं निघालं. आईच्या पेन्शनचे कागद रुग्णालयात द्यायचे होते आणि ते कपाटावरच्या ट्रंकेत होते. मुंगीचा हात पोचत नव्हता, गुडघ्यामुळे स्टुलावर चढता येत नव्हतं. शिडी उठली आणि दोन्ही हात वर करून ट्रंक ओढू लागली. ट्रंक लोखंडी, जड.

"उचलू नकोस," मुंगी पटकन म्हणाली. "तुला वजन उचलायचं नाही."

शिडीनं हात तसेच वर ठेवून खाली पाहिलं. "मग जा, सांग डॉक्टरांना."

क्षणभर मुंगीला कळेना हे कसं घ्यावं. शिडीच्या तोंडावर हसू नव्हतं, पण ती थांबली होती. मुंगीनं एका बाजूनं हात लावला, जेमतेम बोटं पोचली, आणि दोघींनी मिळून ट्रंक आधी कपाटाच्या कडेवर, मग पलंगावर आणि मग जमिनीवर अशी टप्प्याटप्प्यानं उतरवली. खूप वेळ लागला. दोघींना धाप लागली होती. शिडीनं पलंगाच्या कडेला बसून स्वतःची नाडी मोजली, घड्याळाकडे बघत, आणि ठीक आहे अशी मान हलवली.

कागद वरच होते. मुंगी ते चाळत असताना शिडी गॅलरीत गेली. दोन कुंड्यांतली माती तिनं बोटानं उकरून पाहिली, पाणी जास्त होतंय म्हणाली आणि एक कुंडी सावलीत सरकवायला सांगितली. स्वतः सरकवली नाही. मग चपला घातल्या.

त्या वर्षी ती आणखी दोनदा आली. दोन्ही वेळा झाडं बघायला आलेय असंच म्हणाली.